स्वभावाला औषध नसते काय?



'स्वभावाला औषध नाही' ही म्हण आपल्या घरांतून वरचेवर कानी पडते. घरात कोणी संतापी असतो, कोणी संशयी, कोणी क्षणात रुसणारा. म्हण उच्चारली की पुढे विचार करण्याचे कारण उरत नाही. या म्हणीचीच आज थोडी झडती घ्यावी असे मी योजिले आहे, आणि त्याकरिता आपणांस प्रथम आगगाडीत बसविणार आहे.

गोंदियाहून पूर्वेस निघालेली गाडी आमगाव, सालेकसा ही स्थानके मागे टाकून दरेकशाच्या डोंगरात शिरते आणि डोंगरगडावरून राजनांदगावास पोहोचते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकात याच मार्गाने नारायण वामन टिळक नोकरीसाठी राजनांदगावास गेले. गोंदिया हा स्वतंत्र जिल्हा व्हावयास तेव्हा शंभराहून अधिक वर्षे अवकाश होता. तो झाला 1999 साली. त्या प्रवासात एका परदेशी गृहस्थाशी टिळकांचा परिचय झाला, आणि पुढे 1895 मध्ये मुंबईस त्यांनी ख्रिस्ती धर्माची दीक्षा घेतली, ही हकीकत बहुतेकांस ठाऊक आहे. धर्मांतराविषयी मला आज बोलावयाचे नाही. त्या गाडीतला प्रवासी स्वभावाने कसा होता, एवढेच पाहावयाचे आहे.

ते आपणांस ठाऊक झाले, ते त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाई यांच्या 'स्मृतिचित्रे' या ग्रंथामुळे. 1934 पासून हा ग्रंथ भागशः प्रसिद्ध झाला. त्यातले टिळक विलक्षण उदार आहेत आणि विलक्षण उतावळेही. संताप क्षणात चढतो आणि क्षणात ओसरतो. हातचे देऊन टाकताना उद्याची चिंता नसते. नोकरी एके जागी टिकत नाही. आणि घरात कोणास न सांगता हा गृहस्थ एकाएकी निघून जातो. त्यांचे बालपण पाहावे तर वडील अतिशय कडक व तापट, सारा जीव आईवर, आणि ती आई मुलगा लहान असतानाच वारली. त्यानंतर तो मुलगा घर सोडून नाशिकास आला व तेथे गणेशशास्त्री लेले यांच्यापाशी शिकला.

आता कोणी म्हणेल, 'निदान झाले! बालपणीचा आघात, आणि त्यातून बिघडलेले व्यक्तिमत्त्व.' येथेच सावध व्हावयास हवे. जो आपल्यासमोर बसलेला नाही त्याचे निदान करू नये, हा वैद्यकाचा साधा शिष्टाचार आहे. शिवाय स्वभावाचा प्रकार आणि व्यक्तिमत्त्वाचा विकार या दोन वस्तू निराळ्या आहेत. प्रकार पाडण्याची हौस माणसास प्राचीन काळापासून आहे. चरकसंहितेत सात सात्त्विक, सहा राजस व तीन तामस असे मनाचे सोळा प्रकार सांगितले आहेत. युंग यांनी 1921 मध्ये अंतर्मुख आणि बहिर्मुख असा भेद मांडला. यांपैकी कोणताही प्रकार रोग नव्हे. विकार म्हणावयाचे ते निराळ्याच स्थितीला. तीत स्वभावाची एकच तऱ्हा इतकी ताठर होते की प्रसंग बदलला तरी ती बदलत नाही, वर्षानुवर्षे टिकते, आणि तिच्यापायी माणसाचे स्वतःविषयीचे व इतरांविषयीचे नाते सतत मोडत राहते. जागतिक आरोग्य संघटनेने 2022 पासून अमलात आणलेल्या वर्गीकरणात तर जुन्या नावांची लांबलचक यादीच काढून टाकली. त्रास सौम्य आहे, मध्यम आहे की तीव्र, हे आता प्रथम पाहावयाचे. मला हा बदल फार शहाणपणाचा वाटतो. नावाचा शिक्का एकदा बसला की माणूस त्याखाली दिसेनासा होतो.

'स्मृतिचित्रे'मध्ये याहून बोलके उदाहरण आहे ते लक्ष्मीबाईंच्या वडिलांचे, जलालपूरच्या गोखल्यांचे. 1857 च्या बंडानंतर त्यांच्या सासऱ्यांना फाशी देण्यात आली आणि तेव्हापासून गोखल्यांच्या सोवळ्याला सीमा उरली नाही. बाजारातून आलेले धान्यदेखील धुतल्यावाचून घरात येईना. हा आघात बालपणीचा नव्हे, प्रौढपणीचा. परंतु त्याखाली बालपण गेले ते मुलांचे. आणि गंमत अशी, की गंमत हा शब्द येथे कडवटपणे वापरतो, त्या काळी याला कोणी आजार म्हणून उपचार शोधले नाहीत. इतर माणसांच्या स्पर्शाची किळस हा ज्या समाजात धर्माचार मानला जात होता, तेथे त्या किळसेचा अतिरेक झाला तर तो पुण्यवंताचा कडकपणा ठरे.

अशा घरात वाढलेली, अकराव्या वर्षी विवाह झालेली, आणि पतीच्या धर्मांतरानंतर कित्येक वर्षे त्यांच्यापासून दूर राहिलेली ही मुलगी कशी निघाली? मराठीतले सर्वांत प्रसन्न आत्मचरित्र तिने लिहिले. वडिलांच्या वेडावर तिला हसता येते आणि त्यांच्यावर मायाही करता येते. म्हणजे घाव दोघांनाही, नवऱ्याला आणि बायकोला. परंतु फळ एकसारखे नाही.

हे केवळ ग्रंथातले नवल नव्हे. अमेरिकेत फेलिट्टी आणि अँडा यांनी 1998 मध्ये सुमारे साडेनऊ हजार प्रौढांच्या बालपणाची चौकशी प्रसिद्ध केली. मारहाण, अत्याचार, घरातील व्यसन, आईस होणारी मारझोड अशा चार वा अधिक प्रकारच्या आपत्ती ज्यांनी सोसल्या होत्या, त्यांच्यात मद्यासक्ती, विषण्णता व आत्महत्येचा प्रयत्न यांचा धोका इतरांच्या चौपट ते बारापट आढळला. आकडा भयंकर आहे. पण हवाई बेटांपैकी कौआई बेटावर 1955 साली जन्मलेल्या 698 मुलांचा एमी वर्नर यांनी कित्येक दशके मागोवा घेतला, तोही ऐकावा. दारिद्र्य व कलह यांनी घेरलेल्या मुलांपैकी सुमारे एक तृतीयांश मुले कर्तबगार आणि मायाळू माणसे झाली. त्यांच्या आयुष्यात काय होते? बहुधा आजी, मावशी, शिक्षक असे एक तरी माणूस, जे आज आहे आणि उद्याही असेल असा मुलाला भरवसा होता.

आघाताने मुलाच्या मनात काय घडते, ते याच भरवशावरून उमगते. ज्याला कोणत्या क्षणी मार बसेल हे कळत नाही, ते मूल सदैव कान टवकारून बसते. पावलांच्या आवाजावरून बापाचा राग ओळखते. त्या घरात ही विद्या जीव वाचविते. पंचवीस वर्षांनी निरुपद्रवी बायकोच्या किंवा नवऱ्याच्या पावलांनाही तेच कान टवकारले जातात, आणि मग आपण म्हणतो, 'संशयी स्वभाव!'

औषध आहे काय? बाटलीतले, अशा विकाराचे मूळ काढणारे, असे नाही. परंतु अमेरिकेत मार्शा लिनहान यांनी सिद्ध केलेली, भावनांचा लोंढा आवरण्याचे शिक्षण देणारी उपचारपद्धती आहे. आणि असे रुग्ण दहा-दहा वर्षे पाहिल्यावर त्यांपैकी बहुसंख्यांची तीव्र लक्षणे ओसरलेली दिसली आहेत. आपल्या देशात ऑक्टोबर 2022 पासून 14416 या क्रमांकावर विनामूल्य सल्ला मिळतो, मराठीतही.

आता पुन्हा गाडीच्या वाटेवर येऊ. सालेकसा, देवरी या भागांत शासकीय आश्रमशाळा आहेत. घरी गोंडी बोलणारे सहा-सात वर्षांचे मूल तेथे मराठीत शिकावयास येते, आणि आईपासून महिनोन् महिने दूर राहते. या शाळांवाचून त्या मुलांना अक्षर मिळाले नसते, हे मान्यच आहे. पण दिवाळीची सुटी संपवून परतलेले मूल चार दिवस जेवत नाही, रात्री अंथरूण ओले करते, हाक मारली तर दचकते. त्याच्या नावापुढे 'हट्टी' असा शेरा पडतो. त्या वसतिगृहात ताटात भात वाढताना त्या मुलाला त्याच्या भाषेत दोन शब्द विचारणारी एखादी बाई असते. तिच्या जागी वर्षाच्या मध्यावर दुसरी माणसे आणताना, ती त्या मुलाची कोण लागत होती, हे कोणत्याही कागदात लिहिलेले नसते.