नाव सातबाऱ्यावर, नांगर कुणाचा?



गळीत हंगाम आला की उसाच्या नोंदींबरोबर आणखी एक कागद फिरू लागतो, तो म्हणजे वकिलाची नोटीस. अमुक गटातल्या उसाचे बिल अमुक इसमास देऊ नये, असा तिचा मजकूर. तोडीची टोळी बांधावर आलेली आणि दोघे चुलतभाऊ फडाच्या दोन टोकांना उभे. एक म्हणतो, सातबारा माझा. दुसरा म्हणतो, लागण मी केली, खत मी घातलं, मोटारीचं बिल मी भरलं. ऊस बिचारा कुणासाठी थांबत नाही. तो वाळतो आणि वजनाला मार खातो.

यातली गोम अशी की पुष्कळदा दोघेही खरं बोलत असतात. जमिनीची मालकी ही एक गोष्ट आणि जमिनीचा कब्जा ही दुसरी.

आपल्याकडे सातबारा म्हणजे मालकीचा पुरावा, असे पोरासोरांनाही पाठ असते. तसे ते नाही. सातबारा हा महसुली कागद आहे. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ च्या कलम १५७ प्रमाणे त्यावरची नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी धरायची, एवढेच. फेरफाराच्या नोंदीने मालकी मिळत नाही आणि जातही नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली एका निकालात सांगितले आणि नंतरही अनेकदा सांगितले. मालकी येते ती खरेदीखत, वाटप, वारसा, बक्षीसपत्र, कोर्टाचा हुकूमनामा यांतून.

आता जुने उतारे काढून बघा. थोरल्याच्या नावापुढे 'ए.कु.मॅ.' अशी बारीक अक्षरे दिसतात. एकत्र कुटुंबाचा मॅनेजर, असा त्याचा अर्थ. म्हणजे नाव एकट्याचे, जमीन सगळ्यांची. पुढे कुठल्यातरी फेरफाराला ती अक्षरे गळतात, थोरल्याचे वारस लागतात, आणि धाकट्याची पोरे कसत असलेला तुकडा कागदावर परक्याचा होतो. बहिणींचे तर नावच नसते. वडिलार्जित जमिनीत मुलीला मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क २००५ च्या दुरुस्तीने दिला. त्या दिवशी वडील हयात नसले तरी तो हक्क आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली स्पष्ट केले. बहिणीनं तोंडानं 'मला नको' म्हटलं होतं, हे कोर्टात चालत नाही. हक्कसोडपत्र नोंदवलेले लागते.

मग भांडण सुरू होते, आणि बहुतेकजण चुकीच्या जिन्याला लागतात. नोंद भाऊसाहेबांनी धरली (तलाठ्याला आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, पण गावात भाऊसाहेबच), मंडल अधिकाऱ्याने मंजूर केली. म्हणून प्रांताकडे अपील, तिथून वर जिल्ह्याला, मग आयुक्त, मग मंत्रालय. बरीच वर्षे जातात आणि शेवटी उत्तर मिळते की मालकीचा वाद दिवाणी न्यायालयातून ठरवून आणा. तोवर कागद जाणणारी म्हातारी माणसे गेलेली असतात. नोंदीची हरकत वेळेत द्यावीच, पण मालकीवरच वाद असेल तर दिवाणी दावा मागे ठेवू नये. तोही नुसता मनाईचा असून भागत नाही. समोरचा तुमच्या मालकीलाच आव्हान देत असेल तर हक्क ठरवून मागावा लागतो. कोर्ट फी वाचवायला म्हणून साधा मनाईचा दावा टाकणारे पुढे पस्तावतात.

आता कब्जाचे बघू. सातबारा माझा आहे म्हणून उभ्या पिकात ट्रॅक्टर घालता येत नाही. ज्याचा कब्जा स्थिर आहे त्याला खऱ्या मालकानेही कायद्याच्या मार्गानेच काढायचे असते. दांडगाईने काढले तर काढलेल्याला विशिष्ट साहाय्य अधिनियम, १९६३ च्या कलम ६ खाली दावा करता येतो. त्या दाव्यात मालक कोण, हा प्रश्नच निघत नाही. शेतजमिनीसाठी मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ प्रमाणे तहसीलदाराकडेही जाता येते. दोन्हीकडे मुदत सहा महिन्यांची. पाहुण्यारावळ्यांच्या बैठकांत ती कधी सरते, कळतही नाही.

उलट बाजूनेही एक गैरसमज आहे. बारा वर्षे कसली की जमीन आपली, असे पारावर छातीठोक सांगितले जाते. नुसते कसून भागत नाही. मालकाचा हक्क झुगारून, उघडपणे, सलग कब्जा होता हे सिद्ध करावे लागते. वाट्याने दिलेली किंवा भावाने 'तू कस' म्हणून दिलेली जमीन त्यात बसत नाही. सहहिस्सेदाराचा कब्जा तर सर्वांच्या वतीनेच धरतात.

काही भांडणांत मात्र कुणाचीच चूक नसते. एकत्रीकरणात सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले, आणि याचा गट त्याच्या नावावर, त्याचा याच्या नावावर, असा घोळ झाला. कसणारे जुन्याच बांधात कसत राहिले. अशांसाठी शासनाने २०२३ साली सलोखा योजना काढली. एकमेकांची जमीन निदान बारा वर्षे परस्परांच्या ताब्यात असेल, तर अदलाबदलीच्या दस्ताला मुद्रांक शुल्क एक हजार रुपये आणि नोंदणी फी एक हजार रुपये. अडकलेली जमीन एकतर्फी असेल तर ही योजना लागू नाही. दोघांची संमती हवी आणि जागेवर पंचनामा हवा. त्या दिवशी चहा मालकाने पाजावा. मालक कोणता, हे तेवढ्यापुरते विचारू नये.