शिशाचा फेरा

पनवेल-रोहा लोहमार्गावर आपटा आणि हमरापूर यांच्यामध्ये जिते स्थानक आहे. या मार्गाने धावणाऱ्या जुन्या आयसीएफ बनावटीच्या डब्यांखाली ज्या जड पेट्या दिसत, त्यांत शिसे-आम्ल बॅटऱ्या असत. चाकाच्या आसाला पट्ट्याने जोडलेला आल्टरनेटर धावत्या गाडीत ११० व्होल्टची वीज निर्माण करी आणि गाडी उभी राहिली की दिवे-पंख्यांचा भार बॅटऱ्यांवर येई. घरातला इन्व्हर्टर आणि मोटारीचा स्टार्टर यांचा आधारही बहुतांशी हेच तंत्र आहे.

फ्रान्सच्या गास्ताँ प्लांते यांनी १८५९ मध्ये ही बॅटरी शोधली आणि १८८१ मध्ये कामिय फोर यांनी शिशाच्या पट्ट्यांवर त्याच्याच संयुगांचा लेप देऊन तिची क्षमता वाढवली. 

या बॅटरीचे खरे सौंदर्य तिच्या रसायनात आहे. धन पट्टीवर लेड डायऑक्साइड, ऋण पट्टीवर सच्छिद्र शिसे आणि दोहोंमध्ये सौम्य गंधकाम्ल अशी तिच्या प्रत्येक सेलची रचना असते; वीज देताना दोन्ही पट्ट्यांवर लेड सल्फेट तयार होते, आम्ल खर्ची पडते आणि पाणी वाढते. म्हणूनच हायड्रोमीटरने, म्हणजे द्रवाची घनता दाखवणाऱ्या काचेच्या नळीने, भरलेल्या सेलमध्ये १.२८ च्या आसपास आढळणारी सापेक्ष घनता किती घसरली हे पाहून उरलेली वीज अजमावता येते. उतरलेली बॅटरी तशीच पडू दिली, तर सल्फेटचे स्फटिक कठीण होतात आणि पुन्हा चार्जिंगला दाद देत नाहीत.

याहून विलक्षण गोष्ट २०११ मध्ये भौतिकशास्त्रज्ञ राजीव आहुजा आणि सहकाऱ्यांच्या गणिताने दाखवली. शिशाच्या जड अणुकेंद्राजवळचे इलेक्ट्रॉन इतक्या वेगाने फिरतात की तेथे आइनस्टाइनचा सापेक्षतेचा सिद्धान्त लागू करावाच लागतो, आणि सेलच्या सुमारे २.१ व्होल्टपैकी १.७ ते १.८ व्होल्ट त्याच परिणामांमुळे मिळतात. आवर्तसारणीत शिशाच्या लगेच वर असलेल्या कथिलाची अशी बॅटरी का होत नाही, याचा उलगडाही त्यातूनच होतो.

बॅटरी निकामी झाली तरी शिसे निकामी होत नाही. नोंदणीकृत कारखान्यात बॅटरी फोडून आम्ल निष्प्रभ केले जाते, पाण्यावर तरंगणारे आवरणाचे पॉलिप्रॉपिलीन प्लास्टिक वेगळे काढले जाते, लेपातील गंधक अनेक ठिकाणी सोड्याच्या साहाय्याने काढून टाकतात आणि उरलेला माल कोळशासह भट्टीत वितळवून शुद्ध केला जातो. ते शिसे पुन्हा नव्या पट्ट्यांत जाते. मात्र शिसे अवघ्या ३२७ अंश सेल्सिअसला वितळत असल्याने उघड्या चुलीवरही हा उद्योग चालतो, आणि त्याची धूळ व धूर आसपासची माती व मुलांचे रक्त दूषित करतात. जगातील दर तीन मुलांपैकी सुमारे एकाच्या रक्तात दर डेसिलिटरला ५ मायक्रोग्रॅम किंवा अधिक शिसे असल्याचे युनिसेफ आणि प्युअर अर्थ यांच्या २०२० च्या अहवालात म्हटले आहे.

भारतात २००१ च्या नियमांनी विक्रेत्यांना जुन्या बॅटऱ्या परत घेणे बंधनकारक केले आणि २०२२ च्या नियमांनी त्यांच्या पुनर्चक्रीकरणाची जबाबदारी उत्पादकावर टाकली. तरीही धूर गाळणाऱ्या यंत्रणेचा आणि आम्ल निष्प्रभ करण्याचा खर्च टाळणारा भट्टीवाला भंगारवाल्याला चढा भाव देऊ शकतो, आणि जोवर ही तफावत आहे तोवर जुन्या बॅटऱ्यांचा एक ओघ त्या भट्ट्यांकडेच वळत राहील.