सिलिमा: प्रकाशासाठी घडवलेला देह

कल्पित जगांमध्ये जादूच्या स्फटिकांना तोटा नाही. कुणी त्यांच्यावर जहाजं उडवतं, कुणी तलवारी पेटवतं, व्हिडिओ गेममध्ये तर ते इंधनासारखे खर्चही होतात. जे. आर. आर. टॉल्किन यांच्या सिलिमाचं तसं नाही. तो कुणाला बळ देत नाही, युद्ध जिंकून देत नाही. आपल्याकडचा स्यमंतक निदान रोज आठ भार सोनं द्यायचा, सिलिमा तेवढंही देत नाही. तो प्रकाश सांभाळतो, एवढंच. तरीही कल्पित साहित्यातला सर्वांत विचारपूर्वक रचलेला पदार्थ मला तोच वाटतो.

टॉल्किन १९७३ मध्ये गेले. त्यांच्या मुलाने, क्रिस्टोफरने, संपादित केलेलं ‘द सिल्मरिलियन’ १९७७ मध्ये प्रसिद्ध झालं. त्यातला हा काळ सूर्य-चंद्रही नसतानाचा. वालिनोर या देवभूमीत उजेड होता तो दोन झाडांचा, रुपेरी टेलपेरिऑनचा आणि सोनेरी लॉरेलिनचा. फेआनोर हा एल्फ कुळातला राजपुत्र आणि त्या कुळाचा सर्वश्रेष्ठ कारागीर. धातू आणि दगड यांचं काम तो सासऱ्याच्या, महतानच्या, हाताखाली शिकला. या झाडांचा उजेड अक्षय टिकवता येईल का, या ध्यासातून त्याने सिलिमा घडवला आणि त्याची तीन रत्नं केली. तीच सिल्मरिल.

हिऱ्यासारखा दिसणारा, पण हिऱ्याहून कणखर. जगातल्या कुठल्याही आघाताने त्याला तडा जात नाही. पण हा स्फटिक म्हणजे नुसता देह; आत दोन्ही झाडांच्या मिसळलेल्या प्रकाशाचा जीव. तळघराच्या अंधारातही ती रत्नं ताऱ्यांसारखी तेवत. बाहेरचा उजेड अंगावर पडला की तो घेत आणि अधिक सुंदर रंगांत परत करत. पुढे ताऱ्यांची निर्माती वार्डा हिने त्यांना पावन केलं, आणि त्यानंतर मर्त्य किंवा पापी हात लागला की तो भाजून निघू लागला.

सिलिमा कशाचा केला? पहिल्या महायुद्धाच्या सुमारास टॉल्किन यांनी लिहायला घेतलेल्या कथा ‘द बुक ऑफ लॉस्ट टेल्स’ या नावाने १९८३ पासून प्रसिद्ध झाल्या. त्यांच्यात चक्क कृती दिली आहे. मोत्यांची झळाळी, ओपलचे अर्धेमुर्धे रंग, अंधाऱ्या जागी फेसातून गोळा केलेला स्फुरदीप्त उजेड, रुपेरी झाडाचं दव, सोनेरी प्रकाशाचा एकच थेंब, आणि या सगळ्याला राहायला निर्दोष काचेचा देह. वाचायला फार गोड आहे हे. पण टॉल्किन यांनी पुढे ही कृती काढून टाकली. सिलिमाचं गुपित एकट्या फेआनोरपाशी राहिलं. जगाच्या अंतापर्यंत ते कुणाला कळायचं नाही, असं ठरलं. हा बदल मला फार महत्त्वाचा वाटतो. ज्याची कृती लिहिता येते ते पुन्हा करता येतं, आणि पुढची सगळी शोकांतिका उभी आहे ती हे पुन्हा करता येणार नाही, यावरच.

देवांशी वैर धरलेला मेल्कोर आणि उंगोलियंट ही राक्षसी कोळीण दोन्ही झाडं मारतात. त्यांचा उजेड आता फक्त सिल्मरिलमध्ये उरलेला. झाडांची जननी यवान्ना म्हणते, त्यातला थोडा प्रकाश मिळाला तर मुळं सुकण्याआधी मी झाडं जगवीन; अशी झाडं मला पुन्हा निर्माण करता येणार नाहीत. फेआनोर म्हणतो, माझंही तेच आहे. रत्नं उघडणं मला कदाचित जमेल, पण तशी पुन्हा कधीच घडवता येणार नाहीत. ती फोडली तर माझं काळीज फुटेल. तो नकार देतो, आणि मग निरोप येतो: मेल्कोरने त्याच्या बापाला मारून रत्नं आधीच पळवली आहेत! म्हणजे होकाराने झाडं वाचणार नव्हतीच. पण तो दिला असता तर फेआनोर कदाचित वेगळा माणूस झाला असता, असं लेखक सांगतो. कारागीर आणि त्याची कृती यांच्यातला गुंता इतक्या थोड्या शब्दांत क्वचितच कुणी मांडला असेल.

पुढचा इतिहास रक्ताचा आहे. फेआनोर आणि त्याचे सात मुलगे रत्नांसाठी भीषण शपथ घेतात, आणि तिच्यापायी एल्फ एल्फांना मारतात. अखेरीस एक रत्न समुद्रात जातं, एक पृथ्वीच्या पोटातल्या आगीत, आणि तिसरं कपाळी बांधून एआरेंडिल नावाचा दर्यावर्दी आकाशात जहाज हाकतो. आपण ज्याला शुक्र म्हणतो तोच हा तारा.

‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या वाचकांनी हा प्रकाश ‘द सिल्मरिलियन’च्या आधीच पाहिला होता. गॅलॅड्रिएल या एल्फ राणीने आपल्या कारंज्याच्या पाण्यात धरलेलं त्या ताऱ्याचं तेज एका कुपीत भरून कथानायक फ्रोडोला दिलं. शेलोब कोळिणीच्या गुहेत फ्रोडो आणि त्याचा सोबती सॅम तीच कुपी उंचावतात. शेलोब ही उंगोलियंटची लेक. आईने ज्या झाडांचा रस शोषला, त्यांचाच उजेड लेकीच्या डोळ्यांना सोसवत नाही. ती गुहा १९५४ मध्ये छापली गेली. त्या झाडांची सगळी कथा वाचकांच्या हाती यायला आणखी तेवीस वर्षं लागली.