सैन्याविना वकिली

ज्याच्या पाठीशी सैन्य असते त्याच्या वकिलाचे बोलणे जग मुकाट्याने ऐकते. परंतु पोपच्या वकिलापाशी सबुरीवाचून दुसरे शस्त्र कोणते? आर्चबिशप अँजेलो रोंकाल्ली यांची कारकीर्द आम्हांस म्हणूनच उद्बोधक वाटते. उत्तर इटलीत एका कुळाच्या घरी १८८१ साली जन्मलेल्या रोंकाल्लींनी १९२५ पासून १९५३ पर्यंत बल्गेरिया, तुर्कस्तान, ग्रीस व फ्रान्स येथे ही वकिली केली. महायुद्धकाळी इस्तंबूलहून त्यांनी अनेक ज्यूंना नाझींच्या तावडीतून सुटण्यास साहाय्य केले. पुढे मुक्त फ्रान्समध्ये, व्हिशी राजवटीशी हातमिळवणी केल्याचा ठपका असलेल्या अनेक बिशपांना दूर करावे, असा द गॉल सरकारचा आग्रह होता. रोंकाल्लींनी पुरावा मागितला; अखेर मोजक्यांनाच पद सोडावे लागले. यात काही दोषीही सुटले असतील, हा आक्षेप आम्ही नाकारीत नाही. परंतु सूडाची लाट उसळलेली असताना पुरावा मागण्यास धैर्य लागते. हेच रोंकाल्ली १९५८ मध्ये पोप तेविसावे जॉन झाले, आणि १९६२ च्या क्यूबा पेचप्रसंगी त्यांचे शांततेचे आवाहन मॉस्कोच्या ‘प्रावदा’नेही छापले. असा विश्वास वर्षानुवर्षे साठवावा लागतो. ऐन संकटात तो उसना मिळत नाही.