राज्य बदलते, हुकूम राहतो

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत मी नांदेडहून अहमदपूर तालुक्यातील आमच्या गावी गेलो, तेव्हा घरात जमीन विकण्याची बोलणी चालू होती. माझ्या चुलतभावाला अमेरिकेला जायचे आहे. लातूरला भेटलेल्या एका एजंटाने त्याला आधी दुसऱ्या देशात नेऊन, तेथून जंगलवाटेने मेक्सिकोची सीमा ओलांडून देण्याचा बेत सांगितला होता. अमेरिका लोकांना परत पाठवते, हे तात्यांच्या कानावर आले होते. ते मला म्हणाले, "एजंट म्हणालाय, चार वर्षांनी तिथलं राज्य बदलतंय, मग कोण कुणाला तडीपार करत नसतंय. तू कॉलेजात शिकायलास, तूच सांग, खरं हाय का?"

मला उत्तर देता आले नाही. आमच्या घरातून कॉलेजात आलेला मी पहिलाच. त्यामुळे असे प्रश्न माझ्याकडेच येतात. सुट्टीनंतर ग्रंथालयात बसून जे समजले, ते वाचकांपुढे ठेवतो.

प्रथम शब्दाविषयी. आपल्याकडील तडीपारी १९५१ च्या पोलीस कायद्याप्रमाणे होते. तीत माणसाला जास्तीत जास्त दोन वर्षे जिल्ह्याबाहेर, म्हणजे घरापासून दूर घालवतात. परदेशातून होणारी हद्दपारी याच्या उलट आहे. तीत माणसाला घरीच आणून सोडतात. पण ज्यासाठी घरदार विकले ते तिकडेच राहते.

५ फेब्रुवारी २०२५ रोजी अमेरिकेचे लष्करी विमान १०४ भारतीयांना घेऊन अमृतसरला उतरले. त्यांत तिघे महाराष्ट्राचे होते. आपल्या नांदेडहून सचखंड एक्सप्रेस ज्या गावी जाते, त्याच गावी हे लोक बेड्या घालून आणले गेले. दुसऱ्याच दिवशी परराष्ट्रमंत्री जयशंकर यांनी राज्यसभेत २००९ पासूनचे आकडे मांडले. त्यांची राष्ट्राध्यक्षांप्रमाणे मी बेरीज केली. ओबामा यांच्या आठ वर्षांत (२००९ ते २०१६) ५,७७७ भारतीय परत आले. ट्रम्प यांच्या पहिल्या चार वर्षांत ६,१३५ आणि बायडेन यांच्या चार वर्षांत ३,६५२ आले. पुढे डिसेंबर २०२५ मध्ये संसदेत सांगण्यात आले, की जानेवारीपासून ३,२५८ जण परत आले आहेत.

एवढ्यावरून एजंटाचे म्हणणे खरे वाटेल. परंतु वर्षवार पाहिले की चित्र बदलते. २०१५ मध्ये ७०८ भारतीय परत आले, तर २०१६ मध्ये १,३०३. तेव्हा ओबामाच सत्तेवर होते. बायडेन यांच्या काळातही २०२३ मधील ६१७ चा आकडा २०२४ मध्ये १,३६८ झाला. म्हणजे दोन्ही वेळा वाढ नवा नेता येण्यापूर्वीच सुरू झाली होती.

सर्व देशांचे लोक धरले तर गंमत आणखी वेगळी आहे. ओबामांच्या आठ वर्षांत सुमारे ३० लाख लोकांना हुकूम काढून घालवले गेले. एकट्या २०१३ मध्ये चार लाखांहून अधिक. कडक भाषा करणाऱ्या ट्रम्प यांच्या पहिल्या चार वर्षांत हा आकडा १२ लाखांच्या आसपास राहिला. वर्षाची सरासरी काढली तरी ओबामांचीच जास्त भरते.

असे का व्हावे? याची कारणे मला तीन दिसतात. एक, मोजण्याची रीत. पूर्वी सीमेवर पकडलेल्याला नुसते मागे फिरवीत. पुढे त्यालाही लेखी हुकूम देऊ लागले, त्यामुळे तो आकड्यांत आला. दुसरे, पकडण्याची यंत्रणा. स्थानिक तुरुंगात आलेल्याच्या बोटांचे ठसे केंद्र सरकारकडे तपासण्याची योजना २००८ मध्ये बुश यांच्या काळात निघाली. ओबामांनी ती देशभर नेली, २०१४ मध्ये बंद केली आणि २०१७ मध्ये ट्रम्प यांनी पुन्हा चालू केली. पण तेव्हा अनेक शहरांनी व राज्यांनी सहकार्य नाकारले. तिसरे, न्यायालय व पैसा. आश्रय मागणाऱ्याचा अर्ज वर्षानुवर्षे पडून राहतो. २०२३ च्या अखेरीस तेथील स्थलांतर न्यायालयांत ३० लाखांहून अधिक प्रकरणे तुंबलेली होती. त्या वर्षी सुमारे ९७ हजार भारतीय सीमांवर अडवले गेले आणि परत आले अवघे ६१७. बाकीचे सुटले असे नव्हे, त्यांची तारीख पुढे गेली. जुलै २०२५ च्या कायद्याने कोठड्यांसाठी ४५ अब्ज डॉलर मंजूर झाले, तेव्हा अडलेले काम वेगाने होऊ लागले.

आता तात्यांच्या प्रश्नाकडे येतो. क्लिंटन यांच्या सहीने १९९६ मध्ये झालेल्या कायद्याप्रमाणे, घालवून दिलेल्या माणसावर पाच, दहा, काही बाबतींत वीस वर्षे प्रवेशबंदी येते. त्यानंतर अनेक अध्यक्ष आले आणि गेले, कायदा राहिला. नेत्यागणिक कमी-जास्त होतो तो हुकूम बजावण्याचा वेग. एका राज्यात निघालेला हुकूम दुसऱ्या राज्यात आपोआप रद्द होत नाही.

हे सारे मी गावी जाऊन तात्यांना वाचून दाखवले. ते बराच वेळ गप्प बसले, मग म्हणाले, "म्हणजे राज्य बदललं तरी दप्तर तेच ऱ्हातंय." आमच्या तलाठ्याच्या दप्तराचा अनुभव असलेल्या माणसाला हे माझ्यापेक्षा लवकर कळले.

जमिनीची बोलणी तूर्त थांबली आहेत. भाऊ मात्र माझ्याशी बोलत नाही. मी त्याला दोष देत नाही. सप्टेंबर २०२५ च्या अतिवृष्टीत आमचे सोयाबीन पाण्यात गेले. 'जाऊ नको' म्हणणे मला सोपे आहे. 'मग काय करू?' या त्याच्या प्रश्नाचे उत्तर माझ्या पुस्तकांत मला अजून सापडलेले नाही. परंतु तीन एकर रान विकून जो चार वर्षांचा भरवसा तो विकत घेणार होता, तो खोटा होता, एवढे तरी मला त्याला सांगता आले.

— बी. ए. द्वितीय वर्ष