नटाची रिकामी वर्षे

नट म्हटला की आपण आधी त्याच्या चित्रपटांची यादी विचारतो. मल्याळम नट जॉय मॅथ्यू यांची यादी मात्र चमत्कारिक आहे. १९८६ साली ‘अम्मा अरियान’मध्ये मुख्य भूमिका, आणि त्यानंतर जवळजवळ पाव शतक रिकामी जागा.

‘अम्मा अरियान’ म्हणजे ‘आईला कळावे म्हणून’. पत्राचा मायनाच म्हणा ना! दिग्दर्शक जॉन अब्राहम पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचे, ऋत्विक घटकांचे शिष्य. निर्माता शोधण्याऐवजी त्यांनी मित्रांसह ‘ओडेसा’ ही मंडळी उभी केली. केरळात गावोगाव चित्रपट दाखवायचे, लोकांपुढे झोळी पसरायची. आपल्याकडे गणपतीची वर्गणी निघते, तशी तिथे सिनेमाची निघाली.

जॉय यात पुरुषन झाले. वायनाडहून दिल्लीला निघालेल्या या तरुणाला वाटेत एक प्रेत दिसते, चेहरा ओळखीचा वाटतो. दिल्ली राहते बाजूला. मेलेल्या हरीच्या आईला कळवायला तो कोचीची वाट धरतो. जागोजागी हरीचे मित्र त्याला मिळत जातात. मला ही भूमिका फार अवघड वाटते. टाळीचे वाक्य नाही. नुसते चालायचे, ऐकायचे, वाईट बातमी वाहून न्यायची आणि हळूहळू गर्दीत विरघळून जायचे.

असा अभिनय बाजारात कोण घेणार? नटाचा भाव तिकीटबारीवर ठरतो, आणि हा चित्रपट त्या वाटेने गेलाच नाही. १९८७ मध्ये जॉन गेले. पाठीशी उभे राहणारा दिग्दर्शकही उरला नाही. जॉय नाटकात रमले, पत्रकारिता केली. कवितेवर आम्हा कवींचेही घर चालत नाही म्हणा. पण कवीला कागद पुरतो. नटाला कॅमेरा लागतो, आणि तो दुसऱ्याच्या मालकीचा असतो.

२०१२ साली त्यांनी स्वतःच ‘शटर’ लिहिला आणि दिग्दर्शित केला. केरळच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात त्याला प्रेक्षकपसंतीचा पुरस्कार मिळाला. मग धंदेवाईक सिनेमालाही या नटाची आठवण झाली! ‘आमेन’पासून (२०१३) भूमिकांची रीघच लागली.

‘शटर’ २०१५ मध्ये मराठीतही आला, सचिन खेडेकर आणि सोनाली कुलकर्णी यांना घेऊन. आपल्यापैकी अनेकांनी तो पाहिला असेल. ती गोष्ट लिहिणारा माणूस म्हणजेच तो चालत राहिलेला पुरुषन.