साताऱ्याचे दप्तर आणि विलायतेतली कादंबरी

एकोणिसाव्या शतकातले इंग्रजी साहित्य आणि साम्राज्य यांचा संबंध सांगायला बसले की उदाहरणे ठरलेली असतात. जेन ऑस्टिनच्या ‘मॅन्सफील्ड पार्क’मधल्या घराचा डौल अँटिग्वाच्या मळ्यांवर चालतो, ‘जेन एअर’मध्ये माळ्यावर कोंडलेली वेडी बायको जमैकाची असते, आणि किपलिंग तर हक्काचाच. एडवर्ड सैदच्या १९९३ सालच्या ‘कल्चर अँड इम्पीरिअलिझम’नंतर हा विषय आपल्याकडच्या महाविद्यालयांतही रुळला. पण किपलिंग सोडला तर या उदाहरणांत वसाहत लांब कुठेतरी, कथेच्या काठावर असते. राज्य चालवणारा हात आणि लिहिणारा हात एकच आहे, हे त्यांतून दिसत नाही. ते पाहायचे तर साताऱ्याला यावे लागते. जिंकलेल्या राज्याचा कारभार, त्याच्या कागदांचा संग्रह, त्याचा इतिहास आणि पुढे त्यावरची कादंबरी, ही सगळी कामे इथे चाळीस-पंचेचाळीस वर्षांत एकमेकांना लागून झाली. माझे म्हणणे असे की, या लेखनाने मराठ्यांबद्दल केवळ वाईट मत पसरवले असे नाही. मराठ्यांचे राज्य ही कल्पना नसलेली, आपोआप घडलेली गोष्ट होती, असे एक गृहीत त्याने तयार केले. राज्य खालसा करणाऱ्याला तेच सोयीचे पडले, कादंबरीकारालाही तेच, आणि उत्तर द्यायला उभे राहिलेले आपले लोकसुद्धा त्यातून पूर्ण सुटले नाहीत.

जेम्स ग्रँट हा स्कॉटलंडमधल्या बॅन्फचा, जन्म १७८९ चा. फेब्रुवारी १८१८ मध्ये आष्टीच्या लढाईत बापू गोखले पडले आणि बाजीरावाच्या कैदेत असलेले छत्रपती प्रतापसिंह इंग्रजांच्या ताब्यात आले. एलफिन्स्टनने ग्रँटला साताऱ्यात नेमले. २५ सप्टेंबर १८१९ च्या तहाने साताऱ्याचे राज्य उभे राहिले खरे, पण एप्रिल १८२२ पर्यंत राजाच्या नावाने कारभार ग्रँटच पाहत होता. त्याचे मोठे पुस्तक याच वर्षांत आकाराला आले. छत्रपतींच्या घरातले कागद, पेशव्यांचे दप्तर, बखरी, फार्सी हस्तलिखिते, गोव्याचे पोर्तुगीज दस्तऐवज, कंपनीच्या वखारींची पत्रे, एवढा ऐवज त्याच्याआधी कोणाही इतिहासकाराच्या हाती लागला नव्हता. तो लागला याचे कारण उघड आहे. हद्दीतला कोणता इनामदार, कोणता कारकून साहेबाला ‘कागद दाखवत नाही’ म्हणणार होता? त्याच्या इनामाची चौकशीही त्याच साहेबाकडे होती. प्रकृती खालावल्यावर ग्रँट मायदेशी गेला, वारशाने डफ हे आडनाव जोडले गेले आणि १८२६ मध्ये लंडनला ‘हिस्टरी ऑफ द मराठाज’चे तीन खंड निघाले.

या इतिहासातली सर्वांत प्रभावी गोष्ट एखादा प्रसंग नसून एक उपमा आहे. उन्हाळ्यात सह्याद्रीवरचे वाळके गवत जसे एकाएकी पेटते, तसा मराठ्यांचा उठाव झाला, असे ग्रँट डफने सुचवले. डोंगरातल्या वणव्याला ना हेतू असतो ना धोरण. तो पेटतो, पसरतो आणि विझतो. विझवणाऱ्याला मात्र हेतू असतो. १८१८ मध्ये विझवणारा कोण होता हे वाचकाला वेगळे सांगावे लागत नव्हते. ही दृष्टी एकट्या डफची नव्हती. मेकॉलेने १८४० च्या क्लाइव्हवरच्या निबंधात डोंगरांतून खाली उतरणारी लुटारूंची रानटी जमात म्हणूनच मराठ्यांचा परिचय करून दिला, आणि मेकॉलेचा वाचकवर्ग डफच्या कितीतरी पट होता. स्कॉटिश डोळ्यांना हे चित्र ओळखीचे होते, असेही मला वाटते. १७४५ च्या बंडानंतर स्कॉटलंडच्या डोंगराळ भागातल्या टोळ्यांची शस्त्रे काढून घेतली, त्यांचे कायदे मोडले, आणि भय संपल्यावर १८१४ मध्ये वॉल्टर स्कॉटने ‘वेव्हर्ली’ लिहून त्याच टोळ्यांना रम्य केले. हरलेल्याचे शौर्य वाखाणायला हरकत नसते, कारण ते आता परत येणार नसते. साताऱ्याचा इतिहासही पराभवानंतर अवघ्या आठ वर्षांत छापून निघाला.

इथे पहिला आक्षेप येतो, आणि तो वजनदार आहे. ग्रँट डफ मेहनती होता. जेम्स मिलने हिंदुस्थानात पाऊल न टाकता, इथली एकही भाषा न शिकता १८१७ मध्ये हिंदुस्थानचा इतिहास लिहिला आणि प्रस्तावनेत त्याचे समर्थनही केले. त्याच्या तुलनेत डफ कितीतरी प्रामाणिक. शिवाजी महाराजांच्या कर्तृत्वाला, त्यांच्या किल्ल्यांच्या आणि फौजेच्या व्यवस्थेला त्याने मनापासून दाद दिली. त्याने मराठी कागद जाळले हा आरोप आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या फिरला, पण त्याला आधार नाही; बऱ्याच कागदांच्या नकला मुंबईच्या लिटररी सोसायटीकडे ठेवल्याचे त्याने तळटिपांत नोंदवले आहे. तेव्हा डफला खलनायक करणे अन्यायाचे होईल आणि मुद्द्याच्या दृष्टीने निरुपयोगीही. तपशील खरा असूनही चौकट सत्तेची असू शकते, हेच तर त्याच्या पुस्तकातून शिकायचे. शेकडो कागद वाचूनही ज्ञानेश्वर-तुकारामांची चळवळ या राजकारणाशी जोडून पाहावी असे त्याला वाटले नाही, कारण त्याने जमवलेले दप्तर लढाया, तह आणि वसुलीचे होते. एका कारभाऱ्याने दुसऱ्या कारभाऱ्यांचे कागद वाचले. लोकांच्या मनात काय होते ते त्यात सापडणार नव्हते, आणि ते शोधण्याची गरज जिंकणाऱ्याला भासली नाही.

ही चौकट पुस्तकापुरती राहिली असती तर एवढे लिहिण्याचे कारण नव्हते. ५ सप्टेंबर १८३९ रोजी प्रतापसिंहांना पदच्युत केले गेले. गोव्याच्या पोर्तुगिजांशी संधान आणि कंपनीच्या शिपायांना फितवणे, असे आरोप होते. त्यांना काशीला पाठवले आणि १८४७ मध्ये ते तिथेच वारले. त्यांची बाजू मांडायला रंगो बापूजी गुप्ते लंडनला गेले आणि सुमारे चौदा वर्षे राहिले. त्यांनी पत्रके छापली, भागधारकांच्या सभेत वाद उभा केला. गुलामगिरीविरुद्धच्या चळवळीतला गाजलेला वक्ता जॉर्ज थॉम्सन त्यांच्या बाजूने बोलला. साताऱ्याचा माजी रेसिडेंट जनरल ब्रिग्जही बोलला. एकोणिसाव्या शतकातल्या इंग्रजी गद्यात साताऱ्याची बाजू मांडणारे हे एक वेगळे वाङ्मय आहे, आणि त्याची दखल ना इंग्रजी साहित्याचे अभ्यासक घेतात ना मराठीचे. १८४८ मध्ये प्रतापसिंहांच्या जागी गादीवर असलेले त्यांचे भाऊ आप्पासाहेब वारले तेव्हा गव्हर्नर जनरल डलहौसीचा युक्तिवाद साधा होता: हे राज्य इंग्रजांनीच निर्माण केले, म्हणून वारस नसताना ते इंग्रजांकडेच परत येते. मुंबईचा गव्हर्नर जॉर्ज क्लार्क तहाच्या शब्दांकडे बोट दाखवत विरोधात उभा राहिला, पण चालले नाही. डफचे पुस्तक वाचून डलहौसीने निर्णय घेतला असे मी म्हणत नाही. दोघांचे गृहीत मात्र एकच आहे. मराठ्यांचे राज्य १८१८ मध्ये विझले आणि त्यानंतर जे उरले ती कंपनीची देणगी, असे मानले तरच ती देणगी परत घेता येते. स्वातंत्र्याचा थोर पुरस्कर्ता जॉन स्टुअर्ट मिल याच काळात इंडिया हाउसमध्ये देशी संस्थानांच्या पत्रव्यवहाराचे मसुदे करत होता. १८५९ च्या ‘ऑन लिबर्टी’त मागासलेल्या समाजांना त्याने स्वातंत्र्याच्या तत्त्वातून वगळले, यात मला तरी विसंगती दिसत नाही.

कादंबरीत हे सगळे अधिक लोभस होऊन येते. फिलिप मेडोज टेलर हा निजामाच्या नोकरीतला अधिकारी. १८५३ पासून काही वर्षे नळदुर्गाचा कारभार त्याच्याकडे होता आणि तुळजापूर त्याच मुलखात. म्हणजे इथेही लिहिणारा तोच आणि राज्य चालवणाराही तोच. १८६३ मध्ये त्याची ‘तारा’ निघाली. तुळजापूरची तारा ही ब्राह्मण बालविधवा. ती देवीला मुरळी म्हणून वाहिली जाते, मोरो त्रिमल नावाचा ब्राह्मण तिच्या मागे लागतो, अफजलखानाचा मुलगा फाजल तिच्यावर जीव लावतो. कथा प्रतापगडच्या भेटीपर्यंत येते. तारा सती जाण्याच्या टोकाला पोचते आणि फाजल तिला वाचवतो. टेलरने एक काम मुद्दाम केले आहे. अफजलखानाचा वध १६५९ च्या नोव्हेंबरातला. तो त्याने १६५७ मध्ये नेला. कारण त्याला शंभर-शंभर वर्षांच्या अंतराने तीन कादंबऱ्या हव्या होत्या: १६५७ ला मराठ्यांचा उदय, १७५७ ला प्लासी (‘राल्फ डार्नेल’), १८५७ ला बंड (‘सीता’). दोन वर्षे सरकवली की हिंदुस्थानचा इतिहास तीन अंकी नाटकासारखा दिसू लागतो, आणि नाटकाचा शेवट पहिल्या अंकातच ठरून जातो. शिवाजी महाराजांचा उदय मग स्वतःसाठी घडतच नाही. प्लासी आणि लखनौकडे जाणाऱ्या रस्त्यावरचा तो पहिला टप्पा होतो.

यावर दुसरा आक्षेप. टेलर हिंदी लोकांवर प्रेम करणारा लेखक, तेव्हा त्याच्यावर वंशवादाचा ठपका कशाला? त्याची पत्नी हैदराबादचे सावकार विल्यम पामर यांची मुलगी, आणि पामर यांची आई हिंदुस्थानी मुसलमान स्त्री. ‘तारा’त एकही इंग्रज नायक नाही, सुटका करणारा मुसलमान तरुण आहे. हे सगळे मान्य आहे. पण कथेची बैठक पाहा. हिंदू स्त्री स्वतःच्या रूढीत अडकलेली, तिच्या समाजातला शिकला-सवरलेला पुरुष तिचा वैरी, आणि सुटका बाहेरून येणारी. १८७२ च्या ‘सीता’त त्या सुटका करणाऱ्याच्या जागी सिरिल ब्रँडन हा इंग्रज अधिकारी येऊन बसतो. तो हिंदू विधवेशी लग्न करतो, हे त्या काळात धाडसच. मात्र बंडात नवऱ्याला वाचवताना सीता मरते आणि ब्रँडन पुढे इंग्रज मुलीशी लग्न करतो. स्वतःच्या संसारात जे टेलरला जमले ते कादंबरीत जमू दिले गेले नाही. लेखकाचे मन उदार होते. १८५७ नंतरच्या लंडनी वाचकाचे नव्हते. रॉबर्ट नॉक्सने १८५० मध्येच वंश हेच सर्वस्व असे पुस्तकभर मांडले होते, आणि बंडाच्या बातम्यांनी डिकन्ससारख्या गरिबांच्या कैवाऱ्यालाही सुडाची भाषा बोलायला लावली. डफच्या वेळी ‘मराठ्यांचा स्वभाव’ असे म्हटले जाई, आणि स्वभाव शिक्षणाने बदलता येतो असे मानले जाई. आता त्या जागी रक्त आले. इकडे साताऱ्यात ८ सप्टेंबर १८५७ रोजी गेंडामाळावर सतरा जणांना देहान्त शिक्षा झाली. त्यांत रंगो बापूजींचा मुलगा सीताराम होता. रंगो बापूजी स्वतः कोणाच्या हाती लागले नाहीत.

उत्तर याच पट्ट्यातून आले, आणि कागदांनीच आले. १८६७ साली नीळकंठ जनार्दन कीर्तने या तरुणाने पुण्यात निबंध वाचून ग्रँट डफच्या चुका दाखवल्या. १८९७ पासून मिरजेच्या शाळेतले शिक्षक वासुदेवशास्त्री खरे पटवर्धनांचे दप्तर ‘ऐतिहासिक लेखसंग्रहा’तून छापू लागले, १८९८ मध्ये इतिहासकार राजवाड्यांनी वाईला मिळालेल्या कागदांचा पहिला खंड काढला. साहेबाला जे कागद सत्तेने मिळाले, ते या माणसांनी पायपीट करून, माळ्यांवरचे रुमाल सोडवून मिळवले. १९०० मध्ये न्यायमूर्ती रानड्यांनी आपल्या ग्रंथात वणव्याच्या उपमेलाच हात घातला आणि संतांच्या चळवळीने जमीन आधी तयार केली होती असे मांडले. हे उत्तर नि:संशय मोठे. तरी त्याच ग्रंथात आर्य आणि द्रविड रक्ताचे योग्य प्रमाणात मिश्रण हे महाराष्ट्राच्या यशाचे एक कारण म्हणून येते. प्रतिवाद करतानाही वंशाचे माप परक्याच्या दुकानातलेच वापरले गेले. जोतीराव फुल्यांनी, ज्यांचे मूळ गाव साताऱ्यातले कटगुण, तेच माप १८७३ च्या ‘गुलामगिरी’त उलटे धरले: आर्य बाहेरून आलेले जेते आणि शूद्रातिशूद्र इथले मूळ धनी. पुस्तक त्यांनी गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकनांना अर्पण केले. रंगो बापूजींच्या पाठीशी थॉम्सन उभा राहिल्यानंतर गुलामगिरीविरोधाचा धागा मराठी मुलखाशी असा पुन्हा जुळला. फुले आणि रानडे यांची निदाने परस्परविरुद्ध आहेत, पण दोघांनीही शत्रूचे हत्यार उचलले. त्यात कोणाचा वार नेमका बसला, यावर वाद होऊ शकतो. माझे मत फुल्यांच्या बाजूने आहे, कारण त्यांनी त्या सिद्धान्ताने जिंकणाऱ्याची फुशारकीच त्याच्यावर उलटवली. सिद्धान्त मात्र कच्चाच होता.

शतक संपताना वंशकल्पनेचा हिशेब थेट घरांत पोचला. लढाऊ जाती ठरवणाऱ्या लष्करी धोरणात पंजाबी, पठाण, गुरखे वर गेले. मुंबई लष्करातल्या मराठी पलटणींची पत उतरली, महारांची भरती १८९० च्या दशकात बंद झाली, आणि पेन्शनरांनी भरलेल्या सातारा-कोकणच्या वस्त्यांत त्याची झळ लागली. किपलिंगच्या कथांतले रुबाबदार देशी शिपाई याच नव्या यादीतले आहेत. १९०१ च्या ‘किम’मध्ये मराठा एकदाच ठळक येतो, तो आगगाडीत जीव मुठीत घेऊन पळणारा गुप्तहेर म्हणून, आणि त्याला वेषांतर करून वाचवतो तो गोऱ्या बापाचा पोर. दीडशे वर्षांपूर्वी अटकेपर्यंत गेलेल्यांची इंग्रजी कादंबरीत इतकीच जागा उरली होती.

ग्रँट डफ टाकाऊ नाही, टेलरही नाही. फक्त ‘तारा’ वाचताना पानावरचे साल तपासावे, आणि डफचा वणवा येईल तिथे कीर्तने-रानडे शेजारी उघडे ठेवावेत.